फिर्यादीची हरकत नाही

भावाच्या खुनाची फिर्याद दिली तेव्हा धाकट्याला बर्फाबद्दल त्याच्या सातवीच्या वर्गाइतकीच माहिती होती. तो शाळेत भूगोल शिकवायचा. हिमनद्या, ध्रुवप्रदेश, हिमरेषा, सगळं तोंडपाठ. पण घरचा बर्फाचा कारखाना, ज्याच्या जिवावर दोघे भाऊ लहानाचे मोठे झाले, तिथे तो वर्षातून दोनदा जायचा, तेही कुठल्या तरी कागदावर सही करायला. कारखाना कागदावर दोघांचा होता, प्रत्यक्षात थोरल्याचा होता, आणि खरं बोलायचं तर मिस्त्रीचा होता.

मिस्त्री बावीस वर्षं तिथल्या कॉम्प्रेसरवर होता. एकटा जीव. मशीनच्या आवाजावरून तो सांगायचा की तेल कमी पडलंय, की बाहेरच्या खोलीतला पंखा कुणीतरी चालू ठेवलाय. थोरल्याचं आणि त्याचं रोज भांडण व्हायचं, आणि रोज दुपारचा चहा दोघे एकाच किटलीतून प्यायचे. नवरा-बायकोसुद्धा एवढ्या नेमाने भांडत नाहीत, असं वहिनी, म्हणजे थोरल्याची बायको, हसत म्हणायची.

त्या उन्हाळ्यात भांडण एका जुन्या व्हॉल्ववरून होतं. त्यातून गारवा तयार करणारा अमोनिया वायू झिरपायला लागला होता. मिस्त्रीचं म्हणणं, दोन दिवस कारखाना बंद ठेवू आणि व्हॉल्व बदलू. थोरल्याचं म्हणणं, ऐन उन्हाळ्यात बर्फाचा कारखाना बंद ठेवणारा शहाणा अजून जन्माला यायचाय. आठवडाभर हेच चाललं. मग एका दुपारी अंगणात मिस्त्रीचा आवाज चढला. वीस पावलांवर वजनकाट्याचा कारकून बसला होता. कॉम्प्रेसर घरघरत होता. त्या घरघरीतून कारकुनाने मिस्त्रीचं शेवटचं वाक्य ऐकलं.

दोन तासांनी थोरला कॉम्प्रेसरच्या खोलीत पडलेला सापडला. डोकं मशीनच्या लोखंडी चौथऱ्यावर आपटलेलं, शेजारी मोठा पाना. सापडला तोही मिस्त्रीलाच. जेवण करून तो परत आला तर खोलीत अमोनिया भरलेला. तोंडाला ओला पंचा गुंडाळून तो आत शिरला, आधी मुख्य नळी बंद केली, मग थोरल्याला उचलून बाहेर आणलं. पण थोरला गेलेला होता.

पोलीस आले तोवर अमोनिया वाऱ्याबरोबर उडून गेला होता. पंचनाम्यात लिहिलं गेलं की खोलीत वायुगळती आढळली नाही. मिस्त्रीच्या शर्टाला रक्त होतं. पान्यावर त्याच्या बोटांचे ठसे होते. बावीस वर्षं तो पाना रोज त्याच्याच हातात असायचा. थोडक्यात, मिस्त्रीने त्या दुपारी आपलं काम इतकं चोख केलं की त्याच्या बाजूचा म्हणून जो काही पुरावा होता तो त्याने स्वतःच्या हाताने बंद करून टाकला.

कुणावर संशय आहे का, असं पोलिसांनी धाकट्याला विचारलं. तो तासाभरापूर्वी वर्गात नकाशा लावत होता. त्याने कारकुनाकडे पाहिलं. कारकुनाने सांगितलं, मिस्त्री म्हणाला होता, "एक दिवस तुमचा जीव घेईन." धाकट्याने त्याखाली सही केली.

मिस्त्री पहिल्या दिवसापासून एकच सांगत राहिला. त्याने म्हटलं होतं, "बदला हा व्हॉल्व, एक दिवस तुमचा जीव घेईल." फरक शेवटच्या एका अक्षराचा होता. मराठीत ‘न’ लिहिला तर माणूस खुनी ठरतो आणि ‘ल’ लिहिला तर तो काळजी करणारा नोकर. जबाबात ‘न’ लिहिला गेला.

जामिनाचा पहिला अर्ज पंधरा दिवसांत सुनावणीला आला. मिस्त्रीच्या बहिणीने एक वकीलबाई गाठून दिल्या होत्या. धाकटा शाळेतून रजा काढून कोर्टात बसला, दात-ओठ खात. न्यायाधीश सभ्य, हळू आवाजाचे गृहस्थ होते. खुनाच्या गुन्ह्यात जामीन म्हणजे दूधवाल्याला पैसे उद्या देतो सांगण्याइतकी सोपी गोष्ट नव्हे, हे त्यांनी वेगळ्या, भारदस्त शब्दांत सांगितलं. गुन्हा गंभीर, शिक्षा जन्मठेपेची किंवा त्याहून वरची, आणि मुख्य म्हणजे तपास अजून अपुरा आहे. अर्ज नामंजूर.

तपास नव्वद दिवसांत संपला नाही तर आरोपीला जामिनाचा हक्कच मिळतो, असं वकीलबाईंनी मिस्त्रीच्या बहिणीला समजावलं. बहीण कॅलेंडरवर दिवस खोडत बसली. त्या ठाण्यातल्या पोलिसांनी उभ्या जन्मात कुठलं काम वेळेआधी केल्याची आठवण कुणाला नव्हती. हे मात्र केलं. एकोणनव्वदाव्या दिवशी आरोपपत्र दाखल झालं.

वकीलबाईंनी पुन्हा अर्ज केला. आता तपास पूर्ण झालाय, सगळे कागद कोर्टात आहेत, मिस्त्री बाहेर आला तरी तपासात ढवळाढवळ कशाची करणार? न्यायाधीशांनी मान्य केलं की तपास पूर्ण झाला आहे. आणि तो पूर्ण झाल्यामुळेच, ते म्हणाले, आरोपीविरुद्ध सकृद्दर्शनी भक्कम पुरावा असल्याचं आता दिसतं. अर्ज नामंजूर. आधी तपास अपुरा म्हणून, नंतर पुरा म्हणून. धाकट्याला त्या दिवशी यात काही वावगं वाटलं नाही. त्याने घरी येऊन वहिनीला सांगितलं की दादाला न्याय मिळतोय.  वहिनी त्या दिवसांत बोलतच नसे.

एव्हाना धाकट्याने शाळेतून बिनपगारी रजा घेतली होती, कारण कारखाना चालवायला घरात दुसरं कुणी नव्हतं. पहिल्याच महिन्यात त्याच्या लक्षात आलं की हिमनदी आपोआप तयार होते, बर्फाची लादी होत नाही. लांबट डब्यांत साधं पाणी भरून ते गार मिठाच्या पाण्यात उभे सोडायचे, दीड दिवसाने वर काढायचे, एवढंच तर काम. पण डबा उलटा केला की लादी निघायची पांढरीफटक, ठिसूळ, आणि फोडली की पोटात पाणी. मासळीवाले लादीवर हात फिरवायचे आणि काही न बोलता ती परत गाडीवर ठेवायचे. आठ महिन्यांत तीन ऑपरेटर आले आणि गेले. एक जण जाताना म्हणाला, हे मशीन माणसाळलेलं आहे, पण एकाच माणसाला.

चौथा ऑपरेटर पोरसवदा होता, पण हुशार वाटायचा. एकदा भरदुपारी धाकट्याला खोलीतून उग्र वास आला. तोच जुना व्हॉल्व. थोरला गेल्यावर पोलिसांनी पाना जप्त केला होता, व्हॉल्वकडे कुणी ढुंकूनही पाहिलं नव्हतं. ऑपरेटर नवा पाना घेऊन त्याच्यावर वाकला होता, दाबाखाली असलेलं मशीन चालू ठेवूनच पीळ देत होता. धाकटा दारातून जिवाच्या आकांताने ओरडला, "सोड तो! जीव घेईल तुझा!"

ऑपरेटर बाजूला झाला. व्हॉल्वमधून पांढरा झोत फुस्सकन सुटला, जिथे त्याचं तोंड होतं तिथून. दोघे बाहेर पळाले. अंगणात खोकत उभा असताना धाकट्याने वजनकाट्याकडे पाहिलं. तिथे कारकून मान वर करून पाहत होता. धाकट्याने जवळ जाऊन त्याला विचारलं की मी आत्ता काय ओरडलो. कारकुनाने थोडा विचार केला आणि प्रामाणिकपणे सांगितलं, "त्याचा जीव घेईन म्हणालात. जाऊ द्या साहेब, पोरगं आहे, चुकतं."

धाकटा तिथेच एका उलट्या डब्यावर बसला. 

संध्याकाळी त्याने घरी जाऊन हे वहिनीला सांगितलं. ती भाजी निवडत होती. तिचे हात थांबले नाहीत, पण आठ महिन्यांत पहिल्यांदा ती सलग बोलली. त्या सकाळी नवरा निघताना तिला म्हणाला होता की मिस्त्री जेवायला गेला की मीच पिळतो तो व्हॉल्व, तो असताना हात लावू देत नाही. पान्याची पेटी कुठे असते तेही तिला सांगून गेला होता, एखाद्या खोडकर मुलाने चोरीचा बेत सांगावा तसा.

"मग वहिनी, तुम्ही हे सांगितलं का नाही?"

"मला विचारलं कुणी?" ती म्हणाली. पोलीस दारात आले होते, तिला रडताना पाहून म्हणाले, बाईंना सावरू द्या, नंतर बोलू. ते नंतर कधी आलंच नाही. साक्षीदारांच्या यादीत तिचं नाव नव्हतं. घरात तर सगळेच खून म्हणत होते. मग तिलाही वाटायला लागलं की असेल. आणि खून नसेल, तर आपला माणूस स्वतःच्या हट्टापायी गेला, असं चारचौघांत म्हणावं लागणार. "खून झालेल्या माणसाला लोक नमस्कार करतात, भाऊजी. मूर्खपणाने मेलेल्याला हसतात." एवढं बोलून तिने भाजीची परात उचलली आणि आत गेली.

त्या रात्री धाकट्याने स्वतःला प्रामाणिकपणे विचारलं की आपल्याला सत्य हवंय की नीट गोठलेली लादी.  दुसऱ्या दिवशी तो पोलीस ठाण्यात गेला. तिथे त्याला सांगण्यात आलं की तपास संपला आहे. तो म्हणाला, पण मी फिर्याद मागे घेतो. ठाणेदार समजुतीच्या सुरात म्हणाले, मास्तर, खून तुमच्या घरी झाला असेल, पण तो आता सरकारचा आहे.

मग तो मिस्त्रीच्या वकीलबाईंकडे गेला. फिर्यादीच आरोपीच्या वकिलाकडे आलेला पाहून बाईंनी आधी दार उघडं ठेवायला सांगितलं, आपल्या सहायकाला समोर बसवलं, आणि मग ऐकलं. वहिनीचं म्हणणं खटल्यात फार कामाचं आहे, त्या म्हणाल्या. खटला म्हणजे कधी? ते कोर्ट सांगेल. आणि जामिनात? जामिनाच्या वेळी पुराव्याची बारकाईने छाननी करायची नसते, असा नियम आहे. म्हणजे मिस्त्रीविरुद्धचा पुरावा वरवर पाहून तो आत राहू शकतो, पण त्याच्या बाजूचा बारकाईने पाहायला मात्र खटल्याचीच वाट बघायची. धाकट्याने विचारलं, मग मी काय करू शकतो? बाई म्हणाल्या, तुम्ही तुमचं प्रतिज्ञापत्र द्या, आमची हरकत नाही म्हणून. वजन पडेल असं वाटतं.

वजन पडलं. सुनावणीला धाकटा इस्त्रीचा शर्ट घालून गेला. प्रतिज्ञापत्र त्याने स्वतः बसून लिहिलं होतं, शुद्धलेखनाची एक चूक नाही. सरकारी वकिलांनी ते दोन बोटांत धरून न्यायाधीशांना दाखवलं. मयताचा सख्खा भाऊ, ज्याने फिर्याद दिली, तोच आज आरोपीला सोडा म्हणतो. याचा अर्थ काय घ्यायचा? न्यायाधीशांनी धाकट्याला उभं केलं आणि हळू आवाजात विचारलं की तुमच्यावर कुणाचा दबाव आहे का. धाकटा म्हणाला, नाही. न्यायाधीशांनी मान हलवली. दबावाखाली असलेला माणूस दुसरं काय म्हणणार, असं त्या हलण्यात होतं.

आदेश चार दिवसांनी आला. वकीलबाईंनी तो वाचून दाखवला तेव्हा त्यांनाही मधे एकदा थांबावं लागलं. आरोपी नऊ महिने तुरुंगात असूनही मयताच्या भावाचं मन वळवू शकतो, यावरून तो साक्षीदारांवर किती प्रभाव टाकू शकतो हे उघड आहे. तो बाहेर आल्यास पुराव्याशी छेडछाड होण्याची दाट शक्यता आहे. अर्ज नामंजूर.

तुरुंगात गजाआड बसलेल्या, महिन्यातून एकदा बहिणीशी वीस मिनिटं बोलणाऱ्या, सही करताना जीभ बाहेर काढणाऱ्या मिस्त्रीला स्वतःच्या या अफाट प्रभावाबद्दल प्रथमच कळलं. बहिणीने सांगितल्यावर तो म्हणाला की एवढा प्रभाव असता तर व्हॉल्वच बदलून घेतला असता.

वकीलबाईंनी धाकट्याला जाताना जिन्यावर थांबवलं. "मी तुम्हाला काही सल्ला देऊ शकत नाही," त्या म्हणाल्या. "मी समोरच्या बाजूची. पण घडलेली गोष्ट सांगायला हरकत नाही. तुम्ही त्याच्यासाठी तोंड उघडलंत आणि तो आत राहिला." बस, एवढंच बोलून त्या खाली उतरल्या.

पुढचे दहा महिने नुसते गेले. आरोप निश्चित व्हायचे होते, पण एका तारखेला आरोपीला आणायला गाडी नव्हती, एका तारखेला गाडी होती पण न्यायाधीश रजेवर, आणि पुढच्या दोन तारखांना नक्की काय नव्हतं हे कुणालाच आठवत नव्हतं. कारखाना निम्म्यावर आला. धाकट्याने तो व्हॉल्व मात्र बदलून घेतला. दोन दिवस कारखाना बंद ठेवावा लागला, ऐन उन्हाळ्यात. मग ते सभ्य न्यायाधीश बदलून गेले आणि त्यांच्या जागी एक न्यायाधीशबाई आल्या. त्या भराभर बोलायच्या आणि समोरच्याला वाक्य पुरं करू द्यायच्या, त्यामुळे कोर्टातले सगळे थोडे गोंधळले होते. परिस्थितीत बदल झाला आहे म्हणून वकीलबाईंनी पुन्हा अर्ज लावला. बदल एकच होता, दिवस गेले होते.

या वेळी धाकटा इस्त्री न केलेल्या शर्टात आला. सरकारी वकिलांनी त्याला जवळ बोलावून विचारलं की पुन्हा हरकत नाहीच का. तो म्हणाला, "हरकत आहे. सक्त हरकत आहे." सरकारी वकिलांना मनापासून आनंद झाला. त्यांनी स्वतःहून कोर्टाला विनंती केली की फिर्यादीचं ऐकावं.

धाकटा उभा राहिला. काय बोलायचं ते त्याने पाठ केलं होतं, पण तोंड उघडल्यावर भलतंच आलं. मिस्त्रीवर चिडायला गेला आणि सगळ्यावरच चिडला. याला सोडू नका, तो म्हणाला. माझा भाऊ गेला, मला न्याय हवा, मी कुणाला घाबरत नाही, हा बाहेर आला तरी घाबरणार नाही, मी साक्ष देईन, कुणी अडवलं तरी देईन, उद्या बोलवा, आत्ता बोलवा. एकोणीस महिने झाले, बोलवत का नाही?  ते नाटक नव्हतं. तो खाली बसला.

न्यायाधीशबाईंनी आदेश तिथेच सांगितला. आरोपी एकोणीस महिने आत आहे. आरोप अजून निश्चित नाहीत, खटला नजीकच्या काळात संपायची चिन्हं नाहीत. पूर्वीचा गुन्हा नाही, पळून जाण्याचा संभव नाही. राहता राहिली साक्षीदारांवरच्या दबावाची भीती. फिर्यादी आज कोर्टात ज्या निर्भयपणे बोलले ते पाहता आरोपीचा त्यांच्यावर तसूभरही प्रभाव दिसत नाही. पूर्वीच्या आदेशात व्यक्त केलेली भीती आता उरत नाही. जामीन मंजूर.

सरकारी वकील धाकट्याच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, वाईट वाटून घेऊ नका, तुम्ही उत्तम बोललात.

अटी होत्या. दर सोमवारी ठाण्यात हजेरी. कारखान्याच्या आवारात पाऊल टाकायचं नाही. यादीतल्या कुठल्याही साक्षीदाराला भेटायचं नाही, बोलायचं नाही, निरोपही पाठवायचा नाही. म्हणजे धाकट्याने ज्या माणसाला ज्या कामासाठी बाहेर काढलं होतं, ते काम त्याला बंद, आणि धाकटाही बंद. शिवाय एक जामीनदार हवा होता, घर-जागा असलेला. बहीण भाड्याच्या खोलीत राहायची. ओळखीपाळखीतल्या सगळ्यांना खुनाच्या जामिनावर सही करायची म्हटलं की एकाएकी महत्त्वाची कामं आठवत होती. तीन दिवस मिस्त्री जामीन मिळूनही आतच राहिला.

चौथ्या दिवशी वहिनी स्वतःहून कोर्टात गेली. घराचे कागद पिशवीत घेऊन. टेबलामागच्या कारकुनाने अर्ज भरून घेताना विचारलं, आरोपीशी तुमचं नातं काय?

"त्यांनी माझ्या नवऱ्याचा खून केला असं म्हणतात," वहिनी म्हणाली.

कारकुनाने पेन थांबवलं आणि वर पाहिलं. मग तिचं नाव साक्षीदारांच्या यादीत शोधलं. नव्हतं. जामीनदार कोण असू नये याचे नियम त्याने आतल्या साहेबांना जाऊन विचारले. अशा बाईला मनाई करणारा नियम कुणाला सापडला नाही, बहुधा तो करावा लागेल असं कधी कुणाच्या मनात आलंच नसावं. रकाना लहान होता. कारकुनाने त्यात लिहिलं: परिचित.

मिस्त्री बहिणीच्या खोलीवर आला. वजन निम्मं झालं होतं, केस पिकले होते. दोन दिवसांनी सकाळी वहिनी तिथे गेली. ती यादीत नसल्यामुळे तिला भेटायला कुठलीच आडकाठी नव्हती. जिला सगळं माहीत होतं तीच तेवढी कायद्याच्या लेखी काहीच नव्हती. तिने वही आणि पेन आणलं होतं. नमस्कार-चमत्कार न करता तिने सांगितलं की कारखान्यात निम्मा हिस्सा आता माझा आहे, मशीन मी शिकणार आहे, पायरी पायरीने सांगा. लादीच्या पोटात पाणी का राहतं इथपासून.

मिस्त्रीने सुरुवात केली. मिठाचं पाणी किती गार असावं, डबे किती भरावेत, मशीन सुरू करताना कुठली चावी आधी. ती लिहीत होती. तेलाच्या पायरीवर आल्यावर तो म्हणाला, हे मालक रोज सकाळी स्वतः बघायचे, मला म्हणायचे, तुझा काय भरवसा. आणि तिथे तो थांबला.  मग बावीस वर्षं एका किटलीतून चहा प्यायलेला तो माणूस हुंदके देऊन रडायला लागला, पंचा तोंडात कोंबून, लहान मुलासारखा.

बहीण धावत आतून आली. वहिनीने तिला हातानेच थांबवलं.

बऱ्याच वेळाने मिस्त्रीने तोंड पुसलं. "तिथे रडता येत नव्हतं, बाईसाहेब," तो म्हणाला. "रडलो तर म्हणायचे, पश्चात्ताप होतोय. नाही रडलो तर म्हणायचे, निर्ढावलेला आहे."

वहिनीचेही डोळे भरून आले होते, पण तिने वहीचं पान ओलं होऊ दिलं नाही. बहिणीने दोघांसमोर पाण्याचे पेले ठेवले. पाणी पिऊन झाल्यावर वहिनीने पेनचं टोपण काढलं आणि विचारलं की तेल बघायचं ते मशीन सुरू करायच्या आधी, की नंतर.